कात्री कोणाच्या हाती, नाव कोणाचे?

मागे आम्ही वस्तीत 'फँड्री' दाखवला. पत्रकावर दिग्दर्शक नागराज मंजुळे यांचे नाव ठळक छापले, खाली कलाकारांची. चित्रपट संपल्यावर सगळे एकाच प्रसंगाबद्दल बोलत होते. डुकरामागे धावणारे कुटुंब शाळेत राष्ट्रगीत सुरू होताच जागच्या जागी उभे राहते, तो प्रसंग. ते किती वेळ उभे दिसावे, मध्ये कोणाचा चेहरा यावा, याचे गणित संकलनाच्या टेबलावर जुळते. संकलक चंदन अरोरा. हे नाव आमच्या पत्रकावर नव्हते. श्रमाच्या प्रतिष्ठेवर भाषणे ठोकणारे आम्ही!

रेणू सलुजा यांचेच घ्या. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्यांना दिग्दर्शन शिकायचे होते. तिथे प्रवेश मिळाला नाही म्हणून संकलनाकडे वळल्या. 'जाने भी दो यारों', 'अर्धसत्य', 'बँडिट क्वीन' त्यांच्याच हाताखालून गेले. 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर' यांसाठी चार राष्ट्रीय पुरस्कार. २००० साली, वयाच्या ४८व्या वर्षी त्या गेल्या. 'जाने भी दो यारों'मधला महाभारताचा गोंधळ आठवून लोक आजही हसतात. हसवणाऱ्यांत त्यांचे नाव कोण घेतो?

चांगले संकलन दिसू नये, असे या धंद्यात सांगतात. सांधा दिसला की काम फसले. मान्य. पण सांधा दिसू नये म्हणून सांधणारीही दिसू नये, हा कुठला न्याय?

आणि प्रश्न नुसत्या कौतुकाचा नाही. 'बँडिट क्वीन'विरुद्ध स्वतः फूलन देवी न्यायालयात गेल्या. मल्लाह समाजातल्या एका हयात बाईवरचा अत्याचार पडद्यावर किती वेळ चालावा, कुठे थांबावा, हे एकट्या कॅमेऱ्याने ठरत नाही. त्यासाठी कात्री लागते. आपल्याकडे या चित्रपटावर तावातावाने वाद झाले, ते सगळे शेखर कपूर यांच्या नावाने. शेवटचा शब्द दिग्दर्शकाचा असतो, हे खरे. तरी त्या टेबलाशी एक बाई बसली होती, तिचे या प्रसंगांबद्दल काय म्हणणे होते, हा प्रश्न आम्हालाही सुचला नाही. ज्याचे श्रेय दिसत नाही, त्याला जाबही विचारला जात नाही.

पुढच्या महिन्यात 'धारावी' दाखवणार आहोत. पत्रकावर सुधीर मिश्रा यांच्या शेजारी, तेवढ्याच मोठ्या अक्षरांत, रेणू सलुजा यांचे नाव जाईल. छापखान्यात तसे सांगून ठेवले आहे.