एकहाती सिनेमा

हा अंक एकहाती सिनेमावाल्यांचा आहे. दिग्दर्शक, कॅमेरामन, अॅनिमेटर अशी वेगवेगळी कार्डं छापण्याची पद्धत पुढे आली. 1912 च्या सुमारास दादासाहेब फाळक्यांनी वाटाण्याच्या रोपाची वाढ एकेक फ्रेम घेत टिपली, 1915 मध्ये ‘आगकाड्यांची मौज’मध्ये काड्यांना नाचवलं. कॅमेरा त्यांचा, दिग्दर्शन त्यांचं, अॅनिमेशनही त्यांचंच.

त्यांचे चित्रपट पाहून मद्रासमधल्या एका माणसाच्या मनाने उचल खाल्ली. आर. नटराज मुदलियार मोटारी आणि त्यांचे सुटे भाग विकत. कॅमेरा शिकायला ते आले कुठे, तर आपल्या पुण्यात, स्टुअर्ट स्मिथ या इंग्रज कॅमेरामनकडे. परत जाऊन त्यांनी इंडिया फिल्म कंपनी काढली आणि ‘कीचकवधम्’ केला. दिग्दर्शन, छायाचित्रण, संकलन सगळं स्वतः. दक्षिणेतला हा पहिला कथापट. सालाबद्दल अभ्यासक भांडतात, 1916 ते 1918 मधलं कुठलंही धरा. पुढे स्टुडिओला आग लागली, मुलगा गेला आणि मुदलियारांनी सिनेमा सोडला. 1971 मध्ये ते वारले.

एकट्याने सगळं करण्याची रीत इतकी जुनी असताना, आज चेन्नईत लॅपटॉपवर एकट्याने फिल्म करणाऱ्यांना ‘नवी लाट’ म्हणणं मला तरी पटत नाही.

‘कीचकवधम्’ची एकही प्रत उरलेली नाही. तुमच्या माळ्यावर जुनी रिळं असतील, तर भंगारात देऊ नका. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवा. आणि तोवर ती उन्हातान्हात ठेवू नका, जुनी नायट्रेट फिल्म झटकन पेट घेते.