तारेपासून नळापर्यंत

या सदराचे वाचक आज एका प्रांतात राहिलेले नाहीत. कोणी इंदूरला, कोणी बडोद्याला, तर कोणी पार दक्षिणेस चेन्नईजवळच्या पेरुंगुडीत संसार मांडून आहेत. पेरुंगुडी हे पळ्ळिकरणैच्या पाणथळीलगतचे जुने गाव. महाबलिपुरमकडे जाणाऱ्या जुन्या रस्त्यावर संगणक-कंपन्यांच्या इमारती उभ्या राहिल्या आणि 2011 साली हे गाव चेन्नई महानगरपालिकेत सामील झाले. दूरचित्रवाणीच्या तारेचा इतिहास पाहू जाता चेन्नईचा मान मोठा आहे. आवडीच्या वाहिन्या निवडून तेवढ्याच पाहण्यासाठी घरात पेटी बसविण्याची सक्ती 2003 साली प्रथम याच शहरात अमलात आली. 2011 पासून तर तमिळनाडू सरकारचेच केबल महामंडळ महिना 70 रुपयांत घरोघर वाहिन्या पुरवू लागले. तार ही तेथे राजकारणाची वस्तू झाली.

परंतु आज ज्या गृहस्थांची ओळख करून द्यावयाची आहे, त्यांनी तार ओढली ती मुंबईत, आणि सरकारला तिचे महत्त्व कळण्याच्या पुष्कळ आधी. त्यांचे नाव रॉनी स्क्रूवाला.

1981 सालची मुंबई आठवून पाहा. दूरदर्शनचे मुंबई केंद्र 2 ऑक्टोबर 1972 रोजी सुरू झाले होते. तरी वाहिनी एकच, चित्र कृष्णधवल आणि कार्यक्रम मुख्यतः संध्याकाळचे. रंग यावयास 1982 च्या आशियाई क्रीडास्पर्धा उजाडाव्या लागल्या. अशा काळात एका मध्यमवर्गीय पारशी घरातील, सिडनहॅम महाविद्यालयात शिकलेल्या आणि इंग्रजी रंगभूमीवर रमलेल्या या तरुणाने दक्षिण मुंबईतील उंच इमारतींमध्ये तारा टाकण्यास सुरुवात केली. त्या वेळच्या केबलची रचना अगदी साधी असे. एका खोलीत व्हिडिओ यंत्र, त्यात चित्रपटाची कॅसेट, आणि त्या यंत्रातून निघालेली तार जिन्याच्या कडेने किंवा गच्चीवरून प्रत्येक बिऱ्हाडात गेलेली. आकाशातून काही येत नसे. जे दाखवावयाचे ते कॅसेटवर असावे लागे.

यंत्र मिळविणे त्यातल्या त्यात सोपे होते. कठीण होते ते दार उघडविणे. दूरदर्शन आकाशातून येते आणि दरमहा त्याचे काही मागत नाही, अशी ज्या घरांची समजूत, त्यांनी तारेसाठी महिन्याची वर्गणी का द्यावी? स्क्रूवाला यांना घरोघर जाऊन हे समजावून द्यावे लागे. इमारतीच्या समितीची परवानगी घ्या, तार तुटली की माणूस धाडा, वर्गणी गोळा करा, आणि पुढच्या महिन्यात पुन्हा त्याच दारावर उभे राहा! या धंद्यात एकदा विकले आणि मोकळे झालो असे नसते. ही गोष्ट वाचकांनी ध्यानात ठेवावी. पुढे तिचे काम पडणार आहे.

त्याच सुमारास त्यांनी दात घासण्याच्या ब्रशांचा कारखानाही चालविला. ब्रिटनमध्ये मोडीत निघालेली दोन यंत्रे त्यांच्या नजरेस पडली, ती त्यांनी विकत घेतली, आणि इथल्या नामांकित कंपन्यांसाठी ब्रश बनवू लागले. केबल आणि ब्रश यांचा परस्परांशी काय संबंध, असे कोणी विचारील. दोन्ही वस्तू रोज सकाळ-संध्याकाळ घरात लागणाऱ्या आहेत, एवढाच असावा!

पुढची हकीगत बहुतेकांस ठाऊक आहे, म्हणून थोडक्यात सांगतो. 1990 साली अवघ्या 37,500 रुपयांच्या भांडवलावर यूटीव्ही ही संस्था निघाली. 1991 च्या आखाती युद्धाने उपग्रह-वाहिन्यांची गोडी लावली, 1992 च्या ऑक्टोबरात झी वाहिनी आली, आणि गल्लोगल्ली केबलवाले झाले. त्यांच्यासाठी 1995 साली कायदाही करावा लागला. स्क्रूवाला तोवर तार सोडून तारेतून जे दाखवावयाचे त्याच्या निर्मितीकडे वळले होते. दूरदर्शनवर 1994 साली दुपारी लागणारी ‘शांती’ ही दैनंदिन मालिका त्यांच्याच संस्थेची. मग चित्रपट आले, मुलांसाठी ‘हंगामा’ वाहिनी आली, आणि 2012 साली यूटीव्हीचा सारा कारभार अमेरिकेच्या डिस्ने कंपनीने विकत घेतला.

धंदा विकून हाती आलेल्या पैशाचे काय करावयाचे, हा प्रश्न केबलच्या धंद्यातील इतरांपुढेही उभा राहिलेला आहे. अमेरिकेत पेनसिल्व्हेनिया राज्यात जेरी लेनफेस्ट यांनी 1974 साली 7,600 ग्राहकांचा छोटा केबल-धंदा घेतला, वाढविला आणि 2000 साली विकला. पुढे 2018 साली मृत्यू येईपर्यंत त्यांनी एक अब्ज डॉलरहून अधिक रक्कम शाळा, विद्यापीठे, संग्रहालये यांना देऊन टाकली; फिलाडेल्फियाचे जुने वृत्तपत्रही विश्वस्त संस्थेच्या हाती सोपविले. आपल्याकडे 2014 पासून मोठ्या कंपन्यांना नफ्याचा दोन टक्के भाग समाजकार्यास देणे कायद्यानेच प्राप्त झाले आहे. मात्र कंपनीचा पैसा देणे निराळे आणि स्वतःची मिळकत व स्वतःचा वेळ देणे निराळे.

स्क्रूवाला आणि त्यांच्या पत्नी झरीना यांनी वेळ दिला तो रायगड जिल्ह्याला. आधी ‘शेअर’ या नावाने चाललेल्या त्यांच्या कामाला 2013 साली ‘स्वदेस फाउंडेशन’ हे नाव मिळाले. महाड, माणगाव, म्हसळा, पोलादपूर, तळा, श्रीवर्धन, सुधागड हे त्यांचे तालुके. अलीकडे नाशिक जिल्ह्यातही काम पोहोचले आहे. त्यात इतर कंपन्या आणि दाते यांचेही साह्य आहे.

रायगडच का, असे परप्रांतातील वाचकांस वाटेल. मुंबईहून काही तासांच्या अंतरावरील या जिल्ह्यात वर्षाकाठी सुमारे 3,000 मिलिमीटर पाऊस पडतो. तरीही एप्रिल उजाडला की डोंगरउतारावरच्या वाड्यांतील विहिरी तळ गाठतात. उतार तीव्र, खाली काळा कातळ. पाणी मुरण्याआधीच ओढ्यानाल्यांतून खाडीला मिळते. मग बायकांच्या डोक्यावर हंडा आणि कमरेवर कळशी येते. एका खेपेला अर्धा-पाऊण तास आणि दिवसाला अनेक खेपा, म्हणजे सकाळ गेलीच. त्यात मुलीची शाळा बुडते ती वेगळीच. घरचा कर्ता पुरुष मुंबईत चाकरमानी. तो यायचा गणपतीला आणि शिमग्याला.

स्वदेसने पाण्यास हात घातला तो नळाच्या रूपाने. उद्भव शोधावयाचा, पंपाने पाणी उंचावरच्या टाकीत चढवावयाचे आणि तेथून उताराने घरोघर नळ द्यावयाचा. योजना फुकट दिली जात नाही. गावाने आपला वाटा उचलावा, ही अट असते. गावात स्त्री-पुरुषांची ग्रामविकास समिती स्थापन होते आणि योजना पुढे तिने चालवावयाची असते. जोडीला शौचालये, डोळ्यांची तपासणी व मोतीबिंदूच्या शस्त्रक्रिया, शाळांची सुधारणा आणि शेतीपूरक धंदे आहेत. दर पाच वर्षांनी दहा लक्ष माणसांस दारिद्र्यातून वर काढावयाचे, असा संस्थेचा संकल्प आहे. आकडा छाती दडपविणारा आहे. मला स्वतःला आकड्यापेक्षा ती समिती अधिक महत्त्वाची वाटते.

याचे कारण असे की, आपल्याकडे बंद पडलेल्या पाणीयोजनांची वाण नाही. टाकी उभी असते, तिच्यावर देणगीदाराचे नावही असते, परंतु पंप जळालेला असतो आणि विजेचे बिल कोणी भरलेले नसते. टाकी बांधणे हे एका वर्षाचे काम. ती चालविणे हे दर महिन्याचे. पाणीपट्टी गोळा करणे, झडप गळू लागली की त्याच दिवशी माणूस बोलावणे, थकबाकी असलेल्या भावकीतल्या घराचे दार न लाजता ठोठावणे: मघाशी ध्यानात ठेवावयास सांगितलेला केबलवाल्याचा धंदा तो हाच. 1981 मध्ये महिन्याच्या वर्गणीवर उभा राहिलेला माणूस पाण्याकडे याच दृष्टीने पाहील, यात नवल नाही.

तथापि एक शंका उरतेच. बाहेरची संस्था केव्हा तरी गावातून पाय काढून घेणार. तिने तो घ्यावा हेच योग्य. त्यानंतर पंधरा वर्षांनी, समितीतली आजची माणसे म्हातारी झाल्यावर आणि त्यांची मुले शहरात नोकरीला गेल्यावर, पाणीपट्टीची वही कोणाच्या हाती असेल? कोकणातील गावांची जी मंडळे मुंबईत आहेत, ती देवळाच्या जीर्णोद्धारासाठी आणि पालखीसाठी आजही झटपट वर्गणी जमवितात. त्याच यादीत पंपाच्या दुरुस्तीचा रकाना घालता येईल काय? पेरुंगुडीतील किंवा बडोद्यातील ज्या वाचकांचे मूळ घर या बाजूस आहे, त्यांनी येत्या मे महिन्यात गावी गेल्यावर आपल्या वाडीची ती वही एकदा मागून पाहावी आणि शेवटची नोंद कोणत्या महिन्याची आहे ते आम्हांस अवश्य कळवावे.