श्रेयनामावलीतील दुसरे नाव

दुसरे महायुद्ध ऐन भरात असताना, १९४२ साली, ब्रिटनच्या क्राउन फिल्म युनिटने ‘लिसन टु ब्रिटन’ हा सुमारे वीस मिनिटांचा अनुबोधपट काढला. त्याच्या श्रेयनामावलीत दिग्दर्शन व संकलन या दोन्ही कामांसाठी हम्फ्री जेनिंग्ज आणि स्टुअर्ट मॅकॅलिस्टर ही नावे जोडीने आहेत. संकलकाला दिग्दर्शकाच्या पंक्तीला बसविण्याचा हा प्रघात तेव्हा दुर्मिळ होता आणि आजही तो रूढ झालेला नाही. तथापि चित्रपटाच्या इतिहासकारांनी पुढे त्यातील एकच नाव उचलले. जेनिंग्ज कवी ठरले. मॅकॅलिस्टर तळटीपेत गेले.

१९१४ साली स्कॉटलंडमध्ये जन्मलेले मॅकॅलिस्टर ग्लासगोच्या कलाविद्यालयातून टपाल खात्याच्या चित्रपट विभागात आले. हाच विभाग १९४० मध्ये क्राउन फिल्म युनिट झाला. ‘लंडन कॅन टेक इट’, ‘टार्गेट फॉर टुनाइट’, ‘फायर्स वेअर स्टार्टेड’ या युद्धकाळातील नामवंत पटांचे संकलन त्यांचेच. पुढे ब्रिटिश ट्रान्स्पोर्ट फिल्म्समध्ये नोकरी, आणि १९६२ साली मृत्यू.

‘लिसन टु ब्रिटन’मध्ये कारखान्याच्या उपाहारगृहात फ्लॅनगन व अ‍ॅलन ही लोकप्रिय जोडी कामगारांसमोर गाते. तेथून पट थेट नॅशनल गॅलरीत जातो. तेथे मायरा हेस पियानोवर मोझार्ट वाजवीत आहेत आणि श्रोत्यांत राणी बसलेली आहे. एक संगीत दुसऱ्यात असे मिसळते की सांधा जाणवत नाही. कामगार आणि राणी एकाच संकटाचे वाटेकरी आहेत, हे सांगायला पटात निवेदक नाही. सांगतो तो हा सांधाच. परदेशी प्रेक्षकांसाठी पुढे लिओनार्ड ब्रॉकिंग्टन यांचे प्रास्ताविक भाषण जोडण्यात आले. मुक्या पुराव्यावर अधिकाऱ्यांचा विश्वास क्वचितच बसतो!

हा सांधा कोणाला सुचला? मोटेला जुंपलेल्या दोन बैलांपैकी कोणी किती पाणी ओढले, असे विचारण्यासारखेच हे आहे. संयुक्त उत्पादनात प्रत्येकाचा वाटा वेगळा काढता येत नाही, हे अर्थशास्त्राने केव्हाच मान्य केले आहे. व्यवहारात मात्र वाटणी होतेच: एकाला वेतन मिळते आणि दुसऱ्याला वेतनाबरोबर कीर्तीही. कीर्ती ही केवळ शोभेची वस्तू नव्हे. पुढले काम, पुढला पैसा आणि स्वतःच्या मर्जीने विषय निवडण्याची मुभा तिच्यामागून येते.

या अन्यायाला वाचा फोडली ती दाई व्हॉन या दुसऱ्या संकलकाने. स्वतः दूरचित्रवाणीच्या अनुबोधपटांचे संकलन करणाऱ्या व्हॉन यांनी १९८३ साली मॅकॅलिस्टर यांच्या कार्यजीवनावर ग्रंथ लिहिला आणि त्याला ‘पोर्ट्रेट ऑफ अ‍ॅन इन्व्हिजिबल मॅन’, म्हणजे अदृश्य माणसाचे चित्र, असे नाव दिले. ते समर्पक आहे, कारण संकलन जितके सरस तितके ते दिसेनासे होते.

अर्थात पारडे उलट बाजूला झुकविणे हेही न्याय्य ठरणार नाही. जेनिंग्ज यांचा ‘अ डायरी फॉर टिमोथी’ हा १९४५ चा पट श्रेष्ठ गणला जातो आणि त्याचे संकलन मॅकॅलिस्टर यांनी केलेले नाही. त्यांच्या कैवाऱ्यांना हा पुरावा अडचणीचा आहे, हे मान्य केलेच पाहिजे. परंतु त्यावरून जेनिंग्ज समर्थ होते एवढेच सिद्ध होते. १९४२ च्या पटावरचे दुसरे नाव त्याने पुसले जात नाही. ते नाव तेथे कोणी उपकारादाखल घातलेले नव्हते.