ओट्याखालची दोन संस्थानं
या आठवड्यात देवासला मामेभावाकडे गेलो, तर स्वयंपाकघरात सुताराशी खल चालला होता. ओट्याखाली वाइन कूलर बसवायचा होता. देवास या एकाच गावात पवारांच्या थोरल्या आणि धाकट्या पातीची दोन संस्थानं नांदली. भावाचा कूलरही तसाच, एका दारामागे दोन तापमानं. एका कप्प्यात व्हाइटसाठी 8 ते 10 अंश, दुसऱ्यात रेडसाठी 14 ते 16. नाशिकच्या द्राक्षांना एवढा मान मिळालाच पाहिजे. पण सुतार कूलरला तिन्ही बाजूंनी गच्च कोंडायला निघाला होता, तिथे मी आडवा आलो. कूलर म्हणजे आतली उष्णता उचलून बाहेर टाकणारं यंत्र. मागून उष्णता सोडणारा कूलर कप्प्यात कोंडला, की ती तिथेच साचते आणि कॉम्प्रेसर अहोरात्र धापा टाकतो. ओट्याखाली समोरच्या जाळीतून श्वास घेणारंच यंत्र हवं, आणि त्या जाळीपुढे फळी नको. कॉम्प्रेसर नसलेला थर्मोइलेक्ट्रिक कूलर तर इथे नकोच; खोलीच तापली की त्याच्या आतलं तापमानही चढत जातं. माळव्याची रात्र शीतल म्हणून नावाजलेली, पण मे महिन्यातली दुपार 40 अंशांची असते. धारच्या आजीचा माठ कायम वाऱ्याच्या वाटेवर असायचा. तेच शहाणपण इथेही लागू आहे. तेव्हा सुताराला बोलावण्याआधी यंत्राच्या पुस्तिकेतलं हवेच्या जागेचं पान वाचा, आणि माप त्याच्या हातात लिहून द्या.