दिवाणखान्यातून : ‘रँक जाईल!’

‘रँक जाईल!’ हे दोन शब्द हल्ली शहरातल्या घराघरांतून इतके ऐकू येतात की, त्यांचा अर्थ काय, हे विचारण्याची कोणाला सोय उरलेली नाही. पाने वाढलेली असतात, पाहुणे दाराशी आलेले असतात, कोपऱ्यावरून औषध आणून द्यावयाचे असते, आणि आतल्या खोलीतून, कानांवर यंत्र चढवून बसलेले चिरंजीव (किंवा कन्यारत्न, या बाबतीत मुली मागे आहेत अशा भ्रमात कोणी राहू नये) ओरडून सांगतात, ‘‘आत्ता नाही उठता येणार, आई! रँक जाईल!’’ आईला वाटते, ही नसती सबब आहे. वडिलांना वाटते, हे व्यसन आहे. आजोबा तेवढे विचारतात, ‘‘जाईल म्हणजे कुठे जाईल रे?’’

आजोबांचा प्रश्न मला सर्वांत शहाणपणाचा वाटतो. म्हणून यंदाच्या दिवाळीत त्याचाच जरा विचार करू. कारण गंमत अशी की, ही रँक वाटते तितक्या सहजासहजी जात नाही. ती जाऊ नये म्हणून खेळ तयार करणाऱ्या कंपन्यांनीच पुष्कळ बंदोबस्त करून ठेवला आहे. तो बंदोबस्त कसा चालतो आणि कोणाच्या सोयीचा आहे, हे एकदा उमगले की त्या ओरडण्यातले खरे किती आणि लटके किती, ते आपल्यालाही ताडता येईल.

येथे एक खुलासा करून टाकतो. पैसे लावून खेळावयाच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालणारा कायदा संसदेने २०२५ च्या ऑगस्टात केला, त्या खेळांविषयी मी बोलत नाही. येथे पणाला पैसा नसतो. पणाला असते ती प्रतिष्ठा. आणि सोळाव्या वर्षी तीच अधिक महाग असते, हे आपण सारे विसरलो आहोत.

या साऱ्याचे मूळ आपल्या ओळखीच्या बुद्धिबळात आहे. आर्पाड एलो नावाचे हंगेरीत जन्मलेले एक गृहस्थ अमेरिकेत मिलवॉकी शहरी भौतिकशास्त्र शिकवीत. खेळाडूची ताकद आकड्याने मोजण्याची त्यांनी एक रीत बसविली. अमेरिकेच्या बुद्धिबळ संघटनेने ती १९६० साली आणि जागतिक संघटनेने १९७० साली स्वीकारली. रीत साधी आहे. दोघांचे गुण सारखे असतील, म्हणजे समजा १५०० आणि १५००, तर जिंकणाऱ्याला दहा मिळतात आणि हरणाऱ्याचे दहा जातात. दुबळ्याने बलवानाला हरविले तर देवघेव मोठी. बलवानाने दुबळ्याला हरविले तर अगदी किरकोळ. एकाच्या खिशातून गेले ते दुसऱ्याच्या खिशात पडले, बेरीज कायम. हिशेब असा चोख की आपल्या किराणावाल्यानेही मान डोलवावी.

संगणकावरच्या खेळांनी हे गणित उचलले, पण त्याच्यावर एक रंगीत पडदा टाकला. ‘लीग ऑफ लेजंड्स’ हा २००९ सालापासून चाललेला, पाच विरुद्ध पाच असा खेळ घ्या. त्यातल्या पायऱ्यांची नावे थेट सराफकट्ट्यावरून आणलेली आहेत : लोखंड, कांसे, चांदी, सोने, प्लॅटिनम, २०२३ साली मधे घुसविलेला पाचू, मग हिरा, आणि त्याच्याही वर मास्टर, ग्रँडमास्टर व चॅलेंजर. हिऱ्यापर्यंतच्या प्रत्येक मजल्यात चार खण आणि प्रत्येक खणात शंभर गुण. जिंकला की वर, हरला की खाली. आता, सकाळी ‘सोन्या’त गेलेला मुलगा संध्याकाळी पुन्हा ‘चांदी’त आला तर त्याचे तोंड किती उतरेल याची कल्पना करा. यासाठीच जिन्यात मधे बसावयाला सपाट जागा ठेवलेली असते. नवीन मजल्यावर पाऊल पडले की पुढचे काही डाव तुम्ही हरलात तरी शून्य गुणांवर बसून राहता, पण मजला सुटत नाही. यालाच मुले रँकचे संरक्षण म्हणतात.

प्रत्येक खेळात या संरक्षणाची तऱ्हा निराळी. ‘हार्थस्टोन’ या पत्त्यांच्या खेळात विसावा क्रमांक गाठला की त्याखाली घसरावयाचे नाही, असा नियम होता. कंपनीने २०१७ साली तो पंधराव्या, दहाव्या आणि पाचव्या क्रमांकालाही लावला. कारण असे दिले की, पडण्याची भीती गेली म्हणजे लोक नवनवे डाव करून पाहतील. ‘ओव्हरवॉच २’ मध्ये २०२४ च्या फेब्रुवारीपासून अशी रीत आहे की, खणाच्या तळाशी येऊन हरलात तर पहिल्यांदा ताकीद मिळते. लागोपाठ पुढचा डावही गमावला तर मात्र खाली. आणि आपल्याकडे २०२१ पासून घरोघर पोचलेला ‘बीजीएमआय’ (मधे २०२२ साली तो दुकानांतून काढून टाकला होता आणि २०२३ साली परत आला) त्यात तर एका डावापुरते गुण वाचविणारे कार्डच मिळते. ते बक्षीस म्हणून हाती आले की मुले ते कुलदेवतेच्या अंगाऱ्यासारखे जपून ठेवतात!

वाचकहो, हे सारे ऐकताना फार दयाळूपणाचे वाटते. पण किराणावाल्याला पुन्हा बोलावू. १५०० वर संरक्षण आहे असे धरा. दोघेही १५०० वर आहेत. एक जिंकला, त्याचे झाले १५१०. दुसरा हरला, पण त्याला हात लावावयाचा नाही. त्याचे १५०० च. मघाशी बेरीज ३००० होती, आता ३०१० झाली. हे वरचे दहा आले कोठून? कोणाच्याच खिशातून नाही. ते नव्याने छापले. असे लाखो डाव रोज खेळले गेले म्हणजे गुणांची जी महागाई होईल ती नोटांच्या महागाईहून वेगळी नसते. वरच्या मजल्यांवर गर्दी वाढते आणि ‘सोन्या’ला पितळेचा भाव येतो. यावर उतारा म्हणून कंपन्या मधूनमधून हंगाम संपल्याचे जाहीर करून सगळ्यांना काही पायऱ्या खाली उतरवितात. त्या दिवशी घरात जे सुतक असते त्याचे कारण आता लक्षात यावे.

दुसरा उतारा अधिक धूर्त आहे, आणि माझ्या मते सगळ्या प्रकरणाचे मर्म तेथे आहे. दुकानाच्या दर्शनी भागी रंगविलेली पाटी वेगळी आणि आत मुनीमजींची वही वेगळी. पडद्यावर दिसते ती रँक ही पाटी. आत आणखी एक आकडा असतो. तो एलोंच्या गणिताच्या चालीवर चालतो, कोणालाही दाखविला जात नाही आणि त्याला पाटीवरच्या संरक्षणाची दयामाया नसते. मुलगा हरला की वहीतले गुण कमी होतातच, पाटी तशीच राहते. प्रतिस्पर्धी कोण मिळावयाचे हे पाटीवरून नव्हे, वहीवरून ठरते. पाटीवर ‘सोने’ आणि वहीत ‘चांदी’ असे फार दिवस चालले की जिंकल्यावर थोडे मिळते आणि हरल्यावर जास्त जाते. कारण पाटीला वहीच्या ओळीत आणावयाचे असते. मुलगा म्हणतो, ‘‘खेळच लबाड आहे.’’ खेळ लबाड नसतो. त्याने खरे सांगावयाला थोडा उशीर केलेला असतो.

मग हा उशीर कशासाठी? कानेमान आणि ट्वर्स्की या दोघा मानसशास्त्रज्ञांनी १९७९ साली एक सिद्धान्त मांडला, त्यातला एक भाग असा की, मिळाल्याचा आनंद आणि तेवढेच गेल्याचे दुःख यांत दुःख भारी भरते. आपल्या आया-बहिणींना हे ठाऊक होते. शंभराची नोट सापडली तर दिवसभर पुरते, हरवली तर महिनाभर सलते. हरून खट्टू झालेला खेळाडू यंत्र बंद करून निघून जातो आणि कदाचित उद्याही येत नाही. कंपनीला ते परवडत नाही. म्हणून पडण्याच्या जागी गादी अंथरली आहे. संरक्षणाच्या जागी पोचलेला मुलगा म्हणतो, ‘आता गमवावयाचे काही नाही, आणखी एक डाव!’ आणि संरक्षण संपून कड्यावर आलेला म्हणतो, ‘आता तर भरून काढलेच पाहिजे, आणखी एक डाव!’ वाक्य दोघांचे एकच. मला यात कंपनीचा दुष्टावा दिसत नाही, पण परोपकारही दिसत नाही.

नव्या कंपन्यांनीच हे शोधले असेही नाही. अमेरिकेच्या बुद्धिबळ संघटनेत खेळाडूचे गुण त्याच्या सर्वोच्च आकड्यापासून साधारण दोनशेहून खाली जाऊ देत नाहीत. तेथला हेतू मात्र उलटा : काही महाभाग मुद्दाम हरून खालच्या गटात शिरत आणि तेथली बक्षिसे लाटत, त्यांना आळा बसावा. आणि सर्वांत पक्के संरक्षण किताबाचे. नागपूरच्या दिव्या देशमुखने २०२५ च्या जुलैत जॉर्जियातल्या बाटुमी येथे महिलांचा विश्वचषक जिंकला आणि त्याबरोबर ती ग्रँडमास्टर झाली. तिचे गुण पुढे वर जातील, खाली येतील, किताब जन्मभराचा.

आता घरातल्या प्रश्नाकडे. ‘खेळलो नाही तर रँक जाईल’ हे बहुतेकांच्या बाबतीत खरे नाही. ‘लीग ऑफ लेजंड्स’मध्ये न खेळल्यामुळे गुण घटतात ते ‘हिऱ्या’पासून वर; त्याखालच्यांनी परीक्षेपुरती सुट्टी घेतली म्हणून काही बिघडत नाही. पण चालू डाव अर्धवट सोडला तर मात्र आरडाओरडा खोटा नव्हे. हा डाव सिनेमासारखा थांबवून ठेवता येत नाही. बाजूचे चौघे कोठल्या तरी गावी आपापल्या घरी बसलेले असतात आणि एक उठला की ते पाचांशी चौघे झुंजत राहतात. पळून गेलेल्याचे गुण जातात आणि वारंवार असे झाले तर पुढचा डाव मिळावयाला ताटकळत बसावे लागते. असा डाव साधारण अर्ध्या तासाचा. म्हणून पाने घेण्याच्या अर्धा तास आधी हाक मारून ठेवावी आणि ‘डाव कधी लागला?’ एवढेच विचारावे. ‘आत्ताच’ असे उत्तर दोनदा आले, तर तो दुसरा डाव आहे असे खुशाल समजावे.