अनुभव मोजायचा कुणी?



गेल्या महिन्यात चाळीसगावच्या कोर्टातून बाहेर पडत होते, तर मागून हाक आली, "ताई, दोन मिनिटं." सनद घेऊन दोन वर्षं झालेली मुलगी. गिरणाकाठच्या खेड्यातून रोज एस.टी.नं येते. तिला न्यायाधीशाची परीक्षा द्यायची आहे. त्यासाठी वकिलीच्या अनुभवाचा दाखला लागेल म्हणून ती आतापासूनच कागद जमवते आहे. पहिले अठरा महिने ती ज्या सिनिअरकडे होती, ते लिहून द्यायला तयार नाहीत. तिथलं काम का सोडलं, ते तिनं मला सांगितलं. इथे लिहीत नाही. तुम्हाला अंदाज येईल.

हा दाखल्याचा प्रश्न उभा राहिला तो २० मे २०२५ च्या निकालानं. सरन्यायाधीश भूषण गवई यांच्यासह तीन न्यायमूर्तींच्या खंडपीठानं सांगितलं की दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर या पदासाठी तीन वर्षं वकिली केलेली हवी. भांडण मात्र जुनं आहे. १९९३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानंच ही अट घातली होती. चांगले वकील तीन वर्षांनी या नोकरीकडे फिरकत नाहीत, असं दिसल्यावर शेट्टी आयोगाच्या शिफारशीवरून २००२ मध्ये ती काढली. आता म्हणणं असं, की कॉलेजातून थेट खुर्चीत बसवण्याचा प्रयोग फसला, म्हणून अट परत.

अट अगदीच खोटी आहे असं मी म्हणणार नाही. तारखेला आलेली बाई मजुरी बुडवून, कडेवर पोर घेऊन आलेली असते, हे पुस्तकात कळत नाही. ते व्हरांड्यात उभं राहूनच कळतं. पण ही तीन वर्षं येतात कधी? तेविसाव्या ते सव्विसाव्या वर्षी. नेमकी तेव्हाच घरात स्थळं बघणं सुरू असतं. मुलाला बाप म्हणतो, "थांब थोडं, जम बसेल." मुलीला तेच कोण म्हणतं? लग्न झालं की गाव बदलतं, कोर्ट बदलतं, ओळखीचे पक्षकार मागे राहतात, आणि दाखल्यासाठी पुन्हा कुणाच्या तरी ऑफिसची पायरी.

शिवाय ही वर्षं जवळजवळ फुकटची. भारतीय बार कौन्सिलनं ऑक्टोबर २०२४ मध्ये ज्युनिअरांना शहरात दरमहा किमान वीस हजार, ग्रामीण भागात पंधरा हजार विद्यावेतन द्यावं असं सुचवलं. सुचवलं, सक्ती केली नाही. तालुक्याच्या ठिकाणी हा आकडा ऐकून लोक हसतात. माझ्या सिनिअरांनी मला पहिलं वर्षभर बसभाडं दिलं, तेही मोठ्या मनानं, असं तेव्हा मला वाटलं होतं.

दाखला कुणाचा चालेल? किमान दहा वर्षं वकिली केलेल्या वकिलाचा, आणि त्यावर तिथल्या प्रमुख न्यायिक अधिकाऱ्याची मोहोर. आमच्या बाररूममध्ये दहा वर्षं टिकलेल्या बाया किती, ते बोटांवर मोजता येतं. म्हणजे मुलीच्या न्यायाधीश होण्याची किल्ली बहुतेक वेळा पुरुष सिनिअरच्या खिशात. आणि त्यानं त्रास दिला तर? जुलै २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं म्हटलं, की बार कौन्सिल ही वकिलांची मालक नव्हे, त्यामुळे कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाचा कायदा तिथे या नात्यानं लागू होत नाही. वकील कायद्याखाली गैरवर्तनाची तक्रार करावी. ज्याच्याविरुद्ध तक्रार करायची, दाखला मात्र त्याच्याकडेच मागायचा!

बरं, अनुभव म्हणून धरलं काय? वकिली, आणि न्यायमूर्तींकडे लॉ क्लार्क म्हणून केलेलं काम. लॉ क्लार्कची जागा मिळते ती बहुतेक मोठ्या शहरात. आमची मुलगी महिला समुपदेशन केंद्रात पगारावर लागली, रोज पाच नवरा-बायकोंची भांडणं ऐकली, पोटगीचे अर्ज लिहून दिले, तर उलट वकिलीच थांबवावी लागते. पूर्ण वेळ पगारी नोकराला वकिली करता येत नाही, असा बार कौन्सिलचा नियम आहे.

सर्वोच्च न्यायालयाच्याच संशोधन केंद्राच्या २०२३ च्या अहवालातले दोन आकडे बघा. जिल्हा न्यायव्यवस्थेत स्त्रिया ३६.३ टक्के, उच्च न्यायालयांत १३.४ टक्के. खालचं दार बहुतांशी परीक्षेचं आहे. वरचं बारमधल्या वजनाचं आणि ज्येष्ठतेचं. आता परीक्षेच्या दारालाही बारची कडी लागली. १९२३ च्या कायद्यापर्यंत तर बाईला बहुतेक ठिकाणी वकिलीच करता येत नव्हती, कारण तिथल्या न्यायालयांच्या लेखी कायद्यातल्या 'व्यक्ती' या शब्दात ती बसत नव्हती. तेव्हा अनुभव कुठून आणणार होती?

अट ठेवायचीच तर दाखला माणसाच्या मर्जीवर नको, कोर्टाच्या दप्तरावर हवा. वकीलपत्रं आहेत, रोजनामे आहेत, त्यांत हजर वकिलाचं नाव लिहिण्याची सक्ती करा. बाळंतपणाचा काळ, गाव बदलल्याचा खंड, समुपदेशनाचं काम यांचा हिशेब स्पष्ट लिहा.

त्या मुलीला मी अजून सही दिलेली नाही. माझ्याकडे ती चारच महिने आहे. आधीचे अठरा महिने तिला रोज कोर्टात उभी पाहिलं, एवढं मी शपथेवर सांगेन. पण तिच्या त्या सिनिअरच्या एकाही वकीलपत्रावर तिचं नाव नाही. आम्ही दोघींनी जुन्या रोजनाम्यांच्या नकलांसाठी अर्ज केले आहेत. आतापर्यंत सात सापडल्या. दोनांत 'ज्युनिअर वकील हजर' एवढंच लिहिलंय.