पदवी आणि बॅट

जून महिना आला की घरोघरी महाविद्यालयीन प्रवेशाची चर्चा सुरू होते. शाखा कोणती घ्यावी, शिकवणी कोठे लावावी, पुढे नोकरी करावी की घरची पेढी सांभाळावी, या प्रश्नांनी पालकांची मने व्यापलेली असतात. अशा वेळी मुलाने किंवा मुलीने विद्यापीठाच्या संघाकडून खेळण्याची इच्छा बोलून दाखविली, तर त्याला मिळणारे उत्तर बहुधा ठरलेले असते : ‘आधी पदवी पदरात पाडून घे, मग हवे तेवढे खेळ.’ हे उत्तर काळजीपोटी दिलेले असते, यात शंका नाही. परंतु त्यात एक व्यावहारिक अडचण दडलेली आहे. विद्यापीठाच्या संघात केवळ विद्यार्थ्यालाच स्थान असते. शिक्षण संपले की ते दार बंद होते आणि पुन्हा उघडत नाही.

शिक्षण आणि मैदान यांची ही सोबत जुनी आहे. १८५७ साली मुंबई विद्यापीठाची स्थापना झाली. त्यानंतर दोनच वर्षांनी, १ जुलै १८५९ रोजी, अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स राज्यात पिट्सफिल्ड या गावी अ‍ॅमहर्स्ट आणि विल्यम्स या दोन महाविद्यालयांचे विद्यार्थी बेसबॉलच्या मैदानावर समोरासमोर उभे राहिले. महाविद्यालयांमधील बेसबॉलचा तो पहिला सामना मानला जातो. अ‍ॅमहर्स्टने तो ७३ विरुद्ध ३२ असा जिंकला. लक्षात घेण्याजोगी गोष्ट अशी, की मैदानावरील या लढतीला जोडूनच दोन्ही महाविद्यालयांमध्ये बुद्धिबळाचाही सामना ठरविण्यात आला होता. विद्यार्थ्याची परीक्षा पटावरही व्हावी आणि मैदानावरही व्हावी, असा विचार त्यामागे होता.

आपल्याकडे हे काम बेसबॉलऐवजी क्रिकेटने केले. १९३५-३६ च्या हंगामात रोहिंटन बारिया यांच्या नावाचा आंतरविद्यापीठ क्रिकेट चषक सुरू झाला आणि विद्यापीठांच्या संघांना देशव्यापी व्यासपीठ मिळाले. मुंबई विद्यापीठाच्या संघाने या स्पर्धेत मोठा दबदबा निर्माण केला. त्या संघातून पुढे आलेल्या तीन खेळाडूंची वाटचाल आजच्या पालकांनी मुद्दाम पाहण्यासारखी आहे.

त्यांतील पहिले अजित वाडेकर. मुलगा गणितात हुशार असल्याने त्याने अभियंता व्हावे, अशी वडिलांची इच्छा होती. एल्फिन्स्टन महाविद्यालयात जाताना बसमध्ये बाळू गुप्ते हा वरच्या वर्गातील खेळाडू त्यांच्या सोबत असे. महाविद्यालयाच्या संघाला बारावा खेळाडू हवा होता. गुप्ते यांनी वाडेकरांना सहज विचारले आणि ते तयार झाले. त्यासाठी दिवसाला तीन रुपये भत्ता मिळणार होता. पाणी नेऊन देण्याच्या कामापासून सुरू झालेला हा प्रवास पुढे विद्यापीठाच्या संघापर्यंत गेला. तेथे त्यांनी ३२४ धावांची विक्रमी खेळी केली.

दुसरे दिलीप सरदेसाई. त्यांचा जन्म १९४० साली मडगाव येथे झाला. त्या वेळी गोवा पोर्तुगीजांच्या ताब्यात होता आणि तेथे क्रिकेटच्या सोयी जवळजवळ नव्हत्याच. १९५७ मध्ये कुटुंब मुंबईस आले. सतरा वर्षांचा हा मुलगा विल्सन महाविद्यालयात दाखल झाला आणि तेथील प्रशिक्षक मन्या नाईक यांनी त्याचे गुण हेरले. १९५९-६० च्या आंतरविद्यापीठ स्पर्धेत त्याने ८७ च्या सरासरीने ४३५ धावा काढल्या. पुढच्याच हंगामात पाहुण्या पाकिस्तानी संघाविरुद्ध पुण्यात भारतीय विद्यापीठांचा संघ उतरला, तेव्हा सरदेसाई त्यात होते. प्रथम श्रेणीच्या त्या पहिल्याच सामन्यात त्यांनी ८७ धावा केल्या. ज्याच्या मागे नावाजलेला क्लब नव्हता की ओळखीपाळखी नव्हत्या, त्या मुलाला विद्यापीठाच्या संघाने तीन वर्षांत देशासमोर आणले.

तिसरे सुनील गावसकर. सेंट झेवियर्स महाविद्यालयाच्या या विद्यार्थ्याने विद्यापीठाकडून खेळताना ३२७ धावा काढून वाडेकरांचा ३२४ धावांचा विक्रम मागे टाकला.

१९७१ साली भारतीय संघ वेस्ट इंडीजच्या दौऱ्यावर गेला, तेव्हा हे तिघे एकत्र आले. वाडेकर कर्णधार होते. पोर्ट ऑफ स्पेन येथील दुसऱ्या कसोटीत सरदेसाई यांनी ११२ धावा काढल्या. पदार्पण करणाऱ्या गावसकरांनी ६५ आणि नाबाद ६७ धावा केल्या. भारताने तो सामना सात गडी राखून जिंकला आणि मालिकाही १-० अशी खिशात घातली. मालिकेत गावसकरांच्या ७७४ आणि सरदेसाई यांच्या ६४२ धावा झाल्या. वेस्ट इंडीजविरुद्ध भारताचा तो पहिला मालिकाविजय होता. आंतरविद्यापीठ स्पर्धेत जे पेरले गेले, त्याचे पीक त्या दौऱ्यात हाती आले, असे म्हणावयास हरकत नाही.

तथापि विद्यापीठाकडून खेळणाऱ्या प्रत्येकाचा गावसकर होत नाही. म्हणूनच हिशेबाची दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. त्या काळी क्रिकेटमधून मिळणाऱ्या पैशांवर संसार चालत नसे. वाडेकर स्टेट बँकेत नोकरी करीत राहिले आणि बँकेच्या संघाकडूनही खेळले. खेळामुळे नोकरीचे दार उघडे, तर नोकरीमुळे खेळाला आधार मिळे. आज महाराष्ट्रात शासकीय सेवेत गुणवंत खेळाडूंसाठी ५ टक्के आरक्षण आहे. त्याचे निकष काटेकोर आहेत आणि केवळ सहभागाच्या प्रमाणपत्रावर कोणी विसंबून राहू नये. परंतु पदवी हाती नसेल, तर पदवी मागणाऱ्या जागेसाठी पदकाचाही उपयोग होत नाही. खेळाडूने अभ्यास सोडू नये, याचे कारण हेच आहे.

हिंगोलीच्या विद्यार्थ्याला ही वाट मुंबईची वाटण्याचे कारण नाही. पूर्वी त्याला विद्यापीठ म्हटले की १९५८ साली स्थापन झालेल्या औरंगाबादच्या मराठवाडा विद्यापीठाकडे पाहावे लागे. १७ सप्टेंबर १९९४ रोजी नांदेड येथे स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ स्थापन झाले आणि ते अंतर कमी झाले. हिंगोली, वसमत, कळमनुरी, सेनगाव वा औंढा नागनाथ येथील विद्यार्थी आंतरमहाविद्यालयीन सामन्यांतून निवड चाचणीस जातो; तेथे निवड झाली की विद्यापीठाच्या गणवेशात बाहेरच्या संघांशी खेळतो. क्रिकेटखेरीज कबड्डी, खो-खो, कुस्ती, अ‍ॅथलेटिक्स, सॉफ्टबॉल आणि बेसबॉल यांच्याही आंतरविद्यापीठ स्पर्धा होतात. ज्या खेळांकडे गर्दी कमी, त्यांत होतकरू मुलामुलींना संधी मिळण्याची शक्यता अधिक असते.

मुदत ठेवीचे नूतनीकरण करता येते. विद्यार्थिदशेचे करता येत नाही. तेव्हा प्रवेश अर्ज भरतानाच पालकांनी महाविद्यालयाच्या क्रीडा संचालकांची एकदा भेट घ्यावी. कोणत्या खेळाचा सराव होतो, चाचणी केव्हा असते, मुलींसाठी सोय काय आहे, सामन्यामुळे बुडालेले तास कसे भरून काढता येतात, हे विचारून घ्यावे. मग घरातील दिनदर्शिकेवर परीक्षेच्या तारखांबरोबर निवड चाचणीची तारीखही लिहून ठेवावी. दोन्ही तारखा मुलांना एकाच वेळी दिसल्या, तर वेळ कसा वाटायचा हे ती स्वतःच शिकतील.